पाठमोरे वल्हेकरी

गेल्या वर्षी एप्रिलच्या शेवटच्या बुधवारी दुपारी बारा वाजता ओहायोतल्या कोलंबस शहरात मुक्ता काळे हिच्या पीएच.डी.ची तोंडी परीक्षा चालू होती. विषय होता प्राचीन ग्रीक पुराणांतले समुद्रराक्षस. त्या वेळी नागपुरात रात्रीचे साडेनऊ वाजले होते आणि तिचे वडील एका रुग्णालयात अत्यवस्थ होते. परीक्षेच्या खोलीत बसलेल्यांपैकी तिघांना हे माहीत होतं. मुक्ताला ते सांगितलेलं नव्हतं.

यंदा पेअर पुन्हा फुलले आहेत. डब्लिन या कोलंबसच्या उपनगरात रस्त्यांच्या कडेला ही झाडं ओळीनं लावलेली आहेत. फळ खाण्याजोगं नाही, झाड नुसतं शोभेचं. मार्च सरत आला की पानांच्या आधी फुलं येतात आणि सबंध रस्ता पांढरा होतो. गाडीच्या काचा बंद असतात तोवर सगळं सुंदर असतं. काच खाली केली की वास आत येतो आणि तो फुलांचा वाटत नाही. वाळत घातलेल्या मासळीचा वाटतो. इथून सगळ्यात जवळचा समुद्र दिवसभराच्या ड्राइव्हवर आहे.

गेल्या वर्षी त्या वासाची पहिली तक्रार विजयाकाकूंनी केली. विजया आणि भास्कर साठे हे माझे शेजारी. दोघं पुण्याचे, पण इथे येऊन त्यांचं निम्म्याहून जास्त आयुष्य गेलं. भास्करकाका भूलतज्ज्ञ होते, आता निवृत्त. काकू शाळेत गणित शिकवायच्या. मुलं दूरच्या राज्यांत. मुक्ता त्यांच्या बेसमेंटमध्ये राहायची. भाडेकरू म्हणून आली होती. पहिल्या वर्षातच रात्रीचं जेवण वर, त्यांच्या टेबलावर होऊ लागलं.

"कुणी सुकट भाजतंय का हो?" काकूंनी खिडकी लावत विचारलं.

"डब्लिनमध्ये? सोसायटीवाले घर विकायला लावतील," काका म्हणाले.

बेसमेंटच्या जिन्यावरून मुक्ताचा आवाज आला, "केटोस आला असन, काकू. तो बंदरात शिरायच्या आधी त्याचा वास येते."

"वास येतो. डॉक्टर होणार आहेस, शुद्ध बोल."

"ग्रीक शुद्ध बोलतो ना मी. मराठी तर मोकळी बोलू द्या."

ती अमरावतीची. केटोस म्हणजे काय हे त्या घरात तोवर सगळ्यांना पाठ झालं होतं. लांब मुस्कट, कुत्र्यासारखे कान, मागे सापासारखी वेटोळी शेपटी. जुन्या भांड्यांवर तो असा रंगवलेला असतो. एका भांड्यावर एक वीर त्याला चक्क दगड मारतो आहे आणि ज्या राजकन्येला तो गिळायला आला, ती शेजारी उभी आहे. मुक्ता ते चित्र फोनवर मोठं करून दाखवायची. "बघा न काका, एवढा राक्षस, आणि हे त्याले गोटे मारून राहिले. गल्लीतलं कुत्रं हाकलल्यावाणी."

"हे राक्षस खातात काय पण?"

"माणसं. नसली तर डॉल्फिन."

"म्हणजे आपल्या काकूंच्या शाकाहारी पंक्तीला चालायचे नाहीत."

गेल्या वर्षीच्या फेब्रुवारीनंतर असं हसणं फार थोडं आठवतं; हे त्यातलंच एक.

फेब्रुवारीत मुक्ताच्या वडिलांच्या स्वादुपिंडात गाठ निघाली. श्रीधर काळे अमरावतीच्या एका शाळेत खेळाचे शिक्षक होते, निवृत्त झाले होते. उपचार नागपुरात सुरू झाले. त्यांच्या पत्नीनं रिपोर्टचे फोटो भास्करकाकांना पाठवले, कारण ओळखीत परदेशी डॉक्टर तेच होते. काकांनी रिपोर्ट वाचले आणि नागपूरच्या डॉक्टरांशी बोलले. हाती काही महिने आहेत, कदाचित तेवढेही नाहीत, यावर दोन्हीकडच्या डॉक्टरांचं एकमत झालं. मग श्रीधररावांनी स्वतः फोन घेतला आणि सांगितलं की परीक्षा होईपर्यंत मुक्ताला कळवायचं नाही.

ही आपल्याकडची जुनी रीत आहे. दहावीच्या मुलाचे आजोबा पेपर चालू असताना जातात, तेव्हा ते शेवटच्या पेपरापर्यंत 'गावाला गेलेले' असतात. घरातली बायामाणसं न्हाणीघरात नळ सोडून रडतात. मुलगा भूगोलाचा पेपर कसा गेला ते सांगत जेवतो. ज्यांनी असं लपवलं त्यांना पुढे कुणी दोष दिल्याचं फारसं ऐकू येत नाही. ही रीत लोक सामानाबरोबर इथेही घेऊन आले आहेत. इथून तिकडे पाठवल्या जाणाऱ्या फोटोंत कुणाचीच नोकरी गेलेली नसते.

श्रीधररावांच्या सांगण्याला आणखी एक कारण होतं. मुक्ताच्या पासपोर्टवरचा व्हिसाचा शिक्का आदल्या वर्षी संपला होता. अमेरिकेत राहून शिकायला त्याची अडचण नव्हती. पण देशाबाहेर पडलं की परत येण्यासाठी नवा शिक्का, त्यासाठी मुलाखत, आणि मुलाखतीची तारीख कधी मिळेल याची कुणालाच खात्री नाही. ती मार्चमध्ये गेली असती तर एप्रिलमध्ये परत येऊ शकली असती असं छातीठोक सांगणारा वकील काकांना भेटला नाही. त्यांनी दोघांना विचारलं होतं.

मार्चमधल्या एका रविवारी मुक्तानं जेवणाच्या टेबलावर दोन वाट्या मांडल्या, एक आमटीची, एक रिकामी. मध्ये चमचा ठेवला. चमचा म्हणजे जहाज. रिकामी वाटी म्हणजे करिब्डिस, समुद्रातला भोवरा. ती समुद्राचं पाणी गिळते आणि ओकते. तिच्या तोंडात सापडलं तर अख्खं जहाज जातं. तिला शरीरच नाही, त्यामुळे मुक्ताला तिचं चित्र एकाही भांड्यावर सापडलं नव्हतं. दुसरी वाटी म्हणजे स्किला. खडकाच्या गुहेत राहते, सहा माना, सहा तोंडं. आवाज मात्र नुकत्याच जन्मलेल्या कुत्र्याच्या पिल्लाचा. तिच्या बाजूनं गेलं तर ती सहा माणसं उचलते, जहाज वाचतं. युद्धावरून जहाजानं घरी परतणाऱ्या राजाला हे आधीच कळलेलं असतं. तो सुकाणूवाल्याला एवढंच सांगतो की भोवऱ्यापासून लांब, खडकाला धरून चल. स्किलाचं नाव काढत नाही.

"का नाही सांगत?" काकूंनी विचारलं. विचारल्यावर त्या उठून गॅसकडे गेल्या.

"सांगितलं तर लोक वल्ही सोडून खाली लपतील. मग सगळेच जातील."

"बरोबर आहे त्याचं," काका म्हणाले.

मुक्तानं त्यांच्याकडे पाहिलं. "प्रबंधात एक प्रकरण आहे माझं त्याच्यावरच," ती म्हणाली आणि आमटीची वाटी उचलून प्यायली.

त्या महिन्यात पलीकडच्या घरी कुत्र्याचं पिल्लू आणलं होतं. ते दिवसभर केकाटायचं. आवाज आला की काकू हातातलं काम थांबवायच्या. एकदा त्या म्हणाल्या, "ह्या मुलीनं ते स्किलाचं सांगितल्यापासून मला हा आवाज सोसवत नाही." पेअरचा वास त्याच सुमाराला सुरू झाला होता. अजूनही वास आणि केकाटणं एकत्रच आठवतं, जरी ते पिल्लू आता मोठं होऊन भारदस्त भुंकतं.

रविवारी सकाळी नागपूरहून व्हिडिओ कॉल यायचा. त्या कॉलची तयारी काकांच्या सल्ल्यानं व्हायची. पलंगाचं डोकं वर करायचं. हाताला लावलेली सुई चादरीखाली. मागे पांढरा पडदा. विचारलं तर सांगायचं, अमरावतीच्या घराला रंग देणं चालू आहे. श्रीधरराव इस्त्रीचा शर्ट घालून बसायचे आणि मोठ्यानं बोलायचे.

"काय म्हणतात तुझे राक्षस?"

"मजेत आहेत, बाबा. तुम्ही बारीक दिसून राहिले."

"चालतो ना रोज पाच किलोमीटर. तुझ्यासारखा बसून नाही खात."

"आईला दाखवा बरं."

फोन वळायचा. आई हसायची. हसता हसता तिची नजर वर कुठेतरी जाऊन खाली यायची. एवढ्यात काकू बेसमेंटच्या जिन्याच्या टोकाशी येऊन मुक्ताला चहाला बोलवायच्या. हाही ठरवलेल्याचा भाग होता. कॉल लांबला की श्रीधररावांना दम लागत असे.

परीक्षेच्या दिवशी सकाळी सातला नागपूरहून फोन आला, काकूंच्या मोबाइलवर. मी तेव्हा त्यांच्या स्वयंपाकघरात होते. मुक्ताला विद्यापीठात मीच सोडणार होते, काका-काकू मागून त्यांच्या गाडीनं येणार होते. मुक्ताच्या आईनं सांगितलं की दुपारपासून रक्तदाब उतरतो आहे आणि रात्रीचं काही सांगता येत नाही असं डॉक्टर म्हणतात. फोन बंद झाला. खालून शॉवरचा आवाज येत होता.

"आता सांगू या," काकू म्हणाल्या.

"सांगून काय होणार? दुपारच्या आधी विमान नाही. तोवर ती परीक्षाही द्यायची नाही आणि पोचायचीही नाही. दोन्हीकडून गेलं."

"अहो, तिचे वडील आहेत ते."

"त्यांनीच सांगितलंय, विजया."

"ते जाणारेत. राहणार आहे ती. उद्या ती आपल्याला विचारेल, तेव्हा तुम्ही पुढे व्हाल का उत्तर द्यायला?"

खाली शॉवर थांबला. दोघंही थांबले. काकांनी टोस्टरमध्ये पाव घातला. तो आधीच भाजलेला होता.

मुक्ता वर आली, निळ्या कुर्त्यावर काळा कोट. दहीसाखर हातावर घेऊन तिनं दोघांना वाकून नमस्कार केला. काकूंनी तिच्या पाठीवर ठेवलेला हात जरा जास्त वेळ राहिला. मग तिनं बेसमेंटमधून एक बॅग ओढत आणली. लायब्ररीची पुस्तकं परत करायची आहेत म्हणाली. मी ती डिकीत ठेवली. पुस्तकांच्या मानानं बॅग हलकी होती.

रस्त्यावर पेअरच्या पाकळ्या गळून तपकिरी झाल्या होत्या. वास राहिला नव्हता. मुक्ता वाटेत एकदाच बोलली. हायवेला लागताना ती म्हणाली, "आज बुधवार ना? म्हणजे बाराला भोंगा होणार."

इथे वादळाच्या भोंग्यांची चाचणी दर बुधवारी दुपारी बाराला होते. आकाश निरभ्र असतं आणि सगळ्या जिल्ह्यात भोंगे आळीपाळीनं चढत उतरत वाजतात. नवा माणूस खिडकीशी धावतो. जुना माणूस मानही वर करत नाही. बुधवारी बाराचा भोंगा खोटा, इतर वेळचा खरा, असं इथली मुलंही सांगतात.

तिच्या विभागात परीक्षेचा पहिला भाग सगळ्यांसाठी खुला असतो. लांब टेबल, चार परीक्षक, मागे खुर्च्या. काका-काकू आणि मी मागच्या रांगेत बसलो. काकूंनी मोबाइल उलटा करून मांडीवर ठेवला होता आणि त्यावर दोन्ही हात. तो दोनदा थरथरला. पहिल्यांदा त्यांनी पाहिलं नाही. दुसऱ्यांदा पाहिलं आणि काकांकडे बघून मान हलवली. नवीन काही नव्हतं.

मुक्तानं केटोसची भांडी दाखवली, चित्रकार जिच्या कमरेला कुत्र्यांची तोंडं लावतात ती स्किला दाखवली. आवाज ठाम होता. इंग्रजीत तिची अमरावती ऐकू येत नाही. प्रश्न सुरू झाले. शेवटचा प्रश्न सर्वांत वयस्कर परीक्षक बाईंनी विचारला. राजानं खलाशांपासून स्किला लपवली असं आपण सगळे म्हणतो. पण खलाशांना खरंच काही कळलं नव्हतं, असं तुला वाटतं का?

भोंगा सुरू झाला. खोलीतलं कुणी हललं नाही. मुक्ता तो उतरेपर्यंत थांबली.

मग ती म्हणाली की वल्हवणारा माणूस जहाजाच्या पुढच्या टोकाकडे पाठ करून बसतो. त्याची ताकद तशीच लागते. त्यामुळे समोर येणारा राक्षस त्याला दिसत नाही. त्याला दिसतो मागे उभा असलेला सुकाणूवाला. शिवाय सामुद्रधुनीत शिरण्यापूर्वी राजानं चिलखत चढवलं, दोन भाले घेतले आणि तो सगळ्यांच्या मधून चालत पुढच्या टोकाशी गेला. कथेत हे लिहिलेलं आहे. राक्षस पाहायला खलाशांना मान वळवायची गरज नव्हती. त्यांना राक्षसाकडे पाहणारी माणसं दिसत होती.

"मग त्यांनी वल्ही का सोडली नाहीत?" बाईंनी विचारलं.

"कारण राजाला वाटत होतं की त्यांना माहीत नाही," मुक्ता म्हणाली. तेव्हा ती बाईंकडे पाहत नव्हती. मागच्या रांगेकडे पाहत होती.

परीक्षकांनी सगळ्यांना बाहेर पाठवलं. निकाल सांगायला त्यांना फार वेळ लागला नाही. दार उघडलं, टाळ्या झाल्या, कुणीतरी केक आणला होता. मुक्ता केक न कापता कॉरिडॉरमध्ये आली.

"काकू, आईचा काही मेसेज?"

काकूंनी काकांकडे पाहिलं. काका म्हणाले, "मुक्ता, ऐक—"

"स्वादुपिंड आहे ना? की लिव्हर? तेवढं नाही समजलं मले."

"कुणी सांगितलं तुला?"

"कुणी नाही. फेब्रुवारीपासून काकू मला भांडी घासू देत नाहीत. तुम्ही माझ्याशी एकदाही भांडले नाही, काका. इलेक्शनवरूनसुद्धा नाही. आणि बाबा घरात इस्त्रीचा शर्ट घालतात? जन्मभर बनियनवर फिरले. आई फोनकडे बघतच नाही, वर बघते. वर काय असते, सलाइनच असते न."

"मग बोलली का नाहीस, बाळा?" काकू म्हणाल्या.

"बाबांनी हे लपवायचं काम एकदम मस्त केलं होतं, काकू. तेवढंच एक उरलं होतं त्यांच्याजवळ. मी ते कसं काढून घेऊ?" मग ती माझ्याकडे वळली. "ती बॅग पुस्तकांची नाही. तीनचं विमान आहे. निघू या?"

तिकीट तिनं परीक्षेची तारीख ठरली त्याच आठवड्यात काढलं होतं. व्हिसाच्या शिक्क्याचं तिनंही विचारून घेतलं होतं, विद्यापीठाच्या कार्यालयात. बाहेर पडल्यावर परत येण्याची खात्री नाही, हे तिला काकांच्या आधी माहीत होतं.

विमानतळावर काका तिला डोस, रक्तदाब, काय विचारायचं, कुणाला विचारायचं ते सांगत राहिले. चाळीसेक वर्षं माणसांना झोपवण्याचं काम केलेला माणूस पहिल्यांदाच सगळं सांगत होता, एकही आकडा न वगळता. ती ऐकत होती. शेवटी म्हणाली, "आता भांडलं तरी चालेल, काका." काका हसायला गेले आणि त्यांना ते जमलं नाही.

तिचा प्रवास न्यूयॉर्कमार्गे मुंबई आणि तिथून नागपूर असा होता. न्यूयॉर्कहून तिनं आईला फोन केला तेव्हा वडील शुद्धीवर होते. त्यानंतर ती हवेत होती आणि इकडे काही कळायला मार्ग नव्हता. काकूंनी त्या रात्री आणि दुसऱ्या दिवशी टीव्ही लावला नाही. बेसमेंटचा दिवा मात्र त्यांनी लावून ठेवला होता.

पुढचं सांगण्यासारखं थोडं आहे. श्रीधर काळे मे महिना लागण्यापूर्वी गेले. मुक्ता अजून परतलेली नाही. मुलाखतीची तारीख दोनदा पुढे गेली आहे. ती नागपुरात आईबरोबर राहते आणि एका महाविद्यालयात तासिका तत्त्वावर शिकवते. तिची पदवी जाड पाकिटातून साठ्यांच्या घरी आली, ती काकूंनी देवांच्या शेजारी ठेवली आहे. काका रविवारी तिला कॉल करून भांडतात. या वर्षी त्यांच्या गल्लीतले दोन पेअर गावानं तोडले. उरलेले फुलले आहेत, आणि आज सकाळी काकूंनी पुन्हा खिडकी लावून घेतली.

मुक्ता पोचली तेव्हा नेमकं काय झालं ते तिनं कधी सांगितलं नाही. तिच्या आईनं काकूंना सांगितलं, आणि मी ते त्यांच्याकडून दोनदा विचारून घेतलं आहे. खोलीतला पलंग खिडकीकडे तोंड करून होता, दार त्याच्या मागे. आई समोर स्टुलावर, दाराकडे तोंड करून बसली होती. मुक्ता चपला बाहेर काढून आली, त्यामुळे पावलांचा आवाज झाला नाही. श्रीधररावांनी मान वळवली नाही. ती वळतही नव्हती. ते पत्नीच्या चेहऱ्याकडे पाहत होते. पाहता पाहता त्यांनी विचारलं, "मुक्ता आली का?"